मेयुनबाईंच्या डाव्या गुडघ्याची गादी

मी एक गादी बोलतेय. झोपायची नव्हे, एवढं माझं अंग नाही. तळहाताहून थोडी मोठी, कापसाने भरलेली, दोन नाड्यांनी गुडघ्याला बांधायची गादी. त्यातही मी डावी. उजवी माझी जुळी बहीण, पण तिचं फार मनावर घेऊ नका. माणूस गुडघे टेकतो तेव्हा आधी एकच गुडघा खाली येतो, आणि आमच्या बाईंचा नेहमी डावा यायचा. सगळा भार मी घ्यायचा आणि उजवीने मागाहून येऊन नुसतं टेकायचं, असा आमचा छत्तीस वर्षांचा संसार झाला.

तैवानमध्ये जन्मलेली गादी मराठी कशी बोलते, असं तुमच्या मनात आलं असेल. त्याचं उत्तर माझ्या पोटात आहे. वेळ आली की सांगेन.

आणखी एक आधीच सांगून ठेवते. माझं आयुष्य कपड्यांच्या आत गेलं, त्यामुळे मी पाहिलं कमी आणि ऐकलं फार. चेहऱ्यांचं मला विचारू नका. पण गुडघ्यावरून माणूस ओळखायचा म्हणाल, तर त्यात मी कुणाला हार जाणार नाही.

माझा जन्म ताइनानचा, एकोणीसशे एकाहत्तर सालचा. आमच्या बाई म्हणजे ल्याओ मेयुन. तेव्हा त्या एकवीस वर्षांच्या होत्या आणि तैपेईच्या एका टीव्ही मालिकेत त्यांना मोलकरणीचं काम मिळालं होतं. काम मोठं नव्हतं. मालकीण ओरडली की गुडघे टेकायचे आणि ‘चूक झाली’ म्हणायचं. पहिल्याच आठवड्यात बाईंनी स्टुडिओच्या फरशीवर अकरा वेळा चूक कबूल केली आणि त्यांचे गुडघे टम्म सुजले. त्यांची आई रजया शिवायची. तिने लेकीचे गुडघे पाहिले, एक जुनी रजई कापली आणि एका दुपारीत आम्हा दोघींना शिवून काढलं.

नाड्या बांधताना ती लेकीला म्हणाली, “या लागणार नाहीत असं काम मिळेल, त्या दिवशी मला कळव.”

“दोन वर्षांत कळवते,” बाई म्हणाल्या.

दोन वर्षं कसली! बाईंचा जम बसला तो गुडघ्यांवरच. तुम्हाला वाटेल, गुडघे टेकण्यात काय मोठी कला? करून बघा. उजवी टाच उचलायची, भार डावीकडे न्यायचा, श्वास धरायचा, आणि जमिनीकडे न बघता जमिनीवर यायचं. येताना पाठ ताठ, आल्यावर खांदे सैल. मग मनात तीन आकडे मोजायचे आणि कॅमेरा ज्या बाजूला असेल त्याच डोळ्यातून पाणी काढायचं. दुसरा डोळा कोरडा. फ्लोअरवरच्या बाकीच्या नट्या धपकन पडायच्या. आमच्या बाई उतरायच्या. मी त्यांच्या गुडघ्याला होते, म्हणून हे अभिमानाने सांगते.

पुढे एका मालिकेत त्या मोठ्या घरची सून झाल्या. नवरा परागंदा, सासू खाष्ट, दीर आतल्या गाठीचा. एकशे ऐंशी भागांत बाईंनी एकशे बारा वेळा गुडघे टेकले. सासूपुढे टेकले, न्यायाधीशापुढे टेकले, एकदा तर भर पावसात बंद दारापुढे टेकले आणि मी तीन दिवस वाळले नाही. सगळं बेट रडलं. बाजारात बायका त्यांना हाक मारायच्या ती नावाने नव्हे, ‘गुडघेवाली सून’ म्हणून. बाई हसून मान डोलवायच्या. पण त्या हसल्या की त्यांचा डावा गुडघा जरा आखडायचा, हे फक्त मला ठाऊक.

मग त्या राणी झाल्या. आता आपल्याला सुट्टी, असं उजवीला वाटलं. पण राणीला राजापुढे टेकावे लागतात, राजमातेला देवळात टेकावे लागतात. मालिकेत प्रत्येकाच्या वर कुणीतरी असतंच. भरजरी झग्याखाली आम्ही होतो तिथेच राहिलो. ज्या आईला कळवायचं होतं ती मध्येच एका हिवाळ्यात गेली. तिच्या अंत्यविधीला बाईंनी आम्हाला बांधलं नाही. त्या दिवशी त्यांनी उघड्या गुडघ्यांनी फरशी घेतली.

दोन हजार एकमध्ये बाई एक्कावन्न वर्षांच्या झाल्या. कामं आटत चालली होती. सासूचं काम, तीन वाक्यं. सासूच्या सासूचं काम, एक वाक्य. तशात त्यांची मुलगी चिया-लिंग रेडमंडला सॉफ्टवेअरमध्ये होती आणि तिला दिवस गेले होते. लेकीचं बाळंतपण करायला आई जाते, हा रिवाज तिकडेही आहे. बाईंनी बॅग भरली. वाळवलेले अळंबे, तिळाचं तेल, आलं, आणि तळाशी आम्ही दोघी. विमानतळावरच्या कस्टमवाल्याने मला काढून दाबून पाहिलं, हुंगून पाहिलं आणि परत ठेवलं. अमेरिकेत माझं स्वागत झालं ते असं.

चिया-लिंगच्या अपार्टमेंटच्या समोरच्या दारात नीलांबरी राहायची. नागपूरची. तिचा नवरा यतीन कंपनीच्या बसने सकाळी जायचा तो अंधार पडल्यावर उगवायचा. नीलांबरीला त्या व्हिसावर नोकरी करता येत नव्हती. तिलाही दिवस गेले होते, आणि तिच्या आईला मुंबईच्या व्हिसा ऑफिसातून दोनदा नकार आला होता. ही बातमी तिने जिन्यात आमच्या बाईंना सांगितली, मोडक्या इंग्रजीत आणि बरंचसं रडून. बाईंना इंग्रजी कळलं नाही. रडणं मात्र त्यांना कुणाचंही कळायचं, खरं कुठलं आणि कॅमेऱ्यासाठीचं कुठलं तेही. हे खरं होतं. त्यांनी दोन बोटं वर केली, म्हणजे दोन्ही बाळंतपणं माझी, आणि विषय संपवला.

दोन्ही घरी मुली झाल्या, तीन आठवड्यांच्या अंतराने. नीलांबरीच्या मुलीचं नाव स्वानंदी. बाईंनी आलं आणि तिळाचं तेल घालून कोंबडी शिजवली, नीलांबरीकडे तेच सगळं कोंबडी वजा करून गेलं. नागपूरहून येणाऱ्या कुणाबरोबर डिंकाचे लाडू आणि दुपटी आली. दुपटी आईच्याच जुन्या सुती साडीची, धुऊन धुऊन मऊ झालेली. बाईंनी ती गालाला लावून पाहिली आणि आपल्या नातीसाठीही एक मागून घेतलं. रोज सकाळी त्या आम्हाला बांधायच्या, टबाशेजारी गुडघे टेकायच्या आणि एकापाठोपाठ एक दोन्ही मुलींना न्हाऊ घालायच्या. खरं सांगू? स्टुडिओच्या फरशीपेक्षा मला ते काम जास्त आवडलं.

स्वानंदीचं बारसं झालं, त्या दिवशी मोठी गंमत झाली. नीलांबरीच्या आईच्या जागी बाईच होत्या, म्हणून नाव ठेवून झाल्यावर नीलांबरी वाकून त्यांच्या पाया पडायला गेली. आता आमच्या बाईंची तीस वर्षांची सवय अशी, की समोरचा खाली गेला की आपणही गुडघे टेकायचे आणि त्याला कोपराला धरून उठवायचं. त्या उतरल्या. वडीलधारी बाई आपल्यापुढे खाली आलेली बघून नीलांबरी हादरली आणि आणखी वाकली. मग बाई आणखी वाकल्या. शेवटी दोघींची डोकी कार्पेटपाशी एकमेकींवर आपटली आणि दोघी तिथेच बसून हसत सुटल्या.

मग नीलांबरीने त्यांना हाताने करून दाखवलं. तुम्ही उभं राहायचं, मावशी. फक्त डोक्यावर हात ठेवायचा. बस, एवढंच.

बाईंनी ते दोनदा करून पाहिलं. समोरचा खाली आहे आणि आपण उभ्या, ही गोष्ट त्यांच्या गुडघ्यांना नवी होती. ते जरा लटपटले.

दिवस जात राहिले. बाईंना ग्रीन कार्ड मिळालं, नात चालायला लागली, आमच्यावर बागकाम आलं. बाई आणि नीलांबरी यांची एक भाषाच तयार झाली. अर्धी इंग्रजी, पाव हातवारे आणि उरलेली ‘बस’, ‘खा’, ‘ऊठ’, ‘पुरे’ अशी मराठी. तुम्हाला सोपं जावं म्हणून त्यांचं बोलणं मी इथे सरळ मराठीत सांगतेय.

दोन हजार चार साली ती दुकानातली गोष्ट घडली. बाई चिनी किराणा दुकानात गेल्या होत्या. तिथे त्यांच्या जुन्या मालिकेच्या व्हीसीडी भाड्याने मिळत. चार-पाच बायकांनी त्यांना ओळखलं आणि गराडा घातला. कौतुक झालं, हात हातात घेऊन झाले. मग एकजण कॅमेरा काढून म्हणाली, एकदा तसे गुडघे टेकून दाखवा ना. बाईंना तीन वर्षांत कुणी नटी म्हणून हाक मारली नव्हती. त्या भुलल्या. तांदळाच्या पोत्यांपुढे, सिमेंटच्या जमिनीवर त्यांनी गुडघे टेकले. आम्ही घरी खुंटीवर होतो. फोटो निघाला, बायका पांगल्या, आणि बाईंना उठता येईना. पोत्याला धरून त्या कशाबशा उभ्या राहिल्या. हे सगळं आम्हाला कळलं ते संध्याकाळी, जेव्हा त्या आम्हाला घेऊन नीलांबरीकडे गेल्या आणि ते सांगताना एकदाही हसल्या नाहीत.

नीलांबरीने लगेच त्र्यंबककाकांना बोलावलं. काका पूर्वीच्या पिढीत अमेरिकेत आलेले हाडांचे डॉक्टर, आता निवृत्त, आणि इथल्या मराठी मंडळातल्या प्रत्येकाच्या गुडघ्यावर आपला हक्क आहे असं मानणारे. त्यांनी बाईंचा डावा गुडघा वाकवला, दाबला, कान देऊन ऐकला. आतली गादी जवळपास संपली आहे, असं ते म्हणाले. मला आधी वाटलं ते माझ्याबद्दलच बोलताहेत. मग कळलं की गुडघ्याच्या आतही देवाने एक गादी घातलेली असते आणि ती कुणाला परत शिवता येत नाही.

बाईंनी विचारलं, “अजून किती वेळा टेकू शकेन?”

“झीरो,” काका म्हणाले.

त्या दिवसापासून नीलांबरीने एक नियम केला. बाई दारात आल्या की पहिली खुर्ची यायची. पुढे यतीनने रेडमंडमध्येच घर घेतलं तरी तो नियम कायम राहिला. बाईंनी बेल वाजवली की स्वानंदी आतून एक लाकडी खुर्ची ओढत आणायची, ती फरशीवर खरडली जायची, आणि त्यानंतरच दार उघडायचं. बूट काढायचे तेही खुर्चीवर बसून. आम्हाला मात्र खण मिळाला. डांबराच्या गोळ्यांसोबत आम्ही तीन वर्षं काढली. उजवी निवांत झोपली. मला काही झोप आली नाही.

दोन हजार सातच्या सप्टेंबरात तैपेईहून फोन आला. फोन को नावाच्या माणसाचा होता. पूर्वी फ्लोअरवर ‘पाच, चार, तीन’ असे आकडे मोजणारा सहायक, आता बडा दिग्दर्शक. त्याच्या नव्या मालिकेचा काही भाग अमेरिकेत घडत होता आणि त्याचं युनिट महिनाभरात शेजारच्या सिअॅटलला उतरणार होतं. त्यात तैवानहून आलेल्या आईचं काम होतं. मुलगा वारलेला, सून नातवाला भेटू देत नाही. आई तिच्या दारात जाते, चार मिनिटं गुडघ्यांवर बसून विनवते, आणि सून दार लावून घेते.

हे उभ्याने करता येईल का, असं बाईंनी विचारलं.

“ताई,” को म्हणाला, “लोक तुमचे गुडघे बघायलाच बसणार आहेत.”

बाईंनी हो म्हटलं आणि खण उघडला.

नीलांबरी संतापली. तिला एवढं चिडलेलं मी कधी ऐकलं नव्हतं. तिने चिया-लिंगला फोन केला, ती आईवर वेगळी चिडली. त्यातून को याला शूटिंगसाठी अंगण आणि पायऱ्या असलेलं घर हवं होतं, आणि बाईंनी नीलांबरीचंच सुचवून ठेवलं होतं.

“मावशी, काकांनी झीरो सांगितलंय,” नीलांबरी म्हणाली. “तीस वर्षं केलंत ना? मग आता अजून एकदा कशाला? कॅन्सल करा ना प्लीज.”

बाईंनी मला मांडीवर घेतलं. त्यांचा अंगठा माझ्या शिवणीवरून फिरत होता.

“नाही म्हटलं तर माझं शेवटचं काम ते दुकानातलं राहील,” त्या म्हणाल्या. “मला ते तांदळाच्या पोत्यांपुढे संपवायचं नाही. कॅमेऱ्यापुढे संपवायचंय.”

नीलांबरीने मला हातात घेऊन दाबून पाहिलं. थोड्या वेळाने उठली, कात्री घेऊन आली आणि तिने मला उसवलं. माझ्यातला छत्तीस वर्षांचा कापूस दगडासारखा झाला होता. तो तिने काढून टाकला, नवा भरला. तरी तिचं समाधान होईना. मग तिने कपाटातून दुपट्यांतून उरलेला तिच्या आईच्या साडीचा तुकडा काढला, चौपदरी घडी घालून माझ्या पोटात ठेवला आणि बारीक टाके घालून मला मिटलं. उजवीलाही तसंच केलं. ती माउली व्हिसाअभावी कधी रेडमंडला आली नाही, पण तिची साडी माझ्या पोटात आली, आणि तिच्याबरोबर ही भाषा आली. तेव्हापासून मी अशी बोलते.

ऑक्टोबरात एका सकाळी युनिट नीलांबरीच्या अंगणात येऊन धडकलं. रेडमंडचा नेहमीचा पाऊस भुरभुरत होता. तैवानी सुनेच्या दारावर झेंडूचं प्लास्टिकचं तोरण चालणार नव्हतं, म्हणून यतीनने ते काढलं. मग गणपतीची टाइल झाकली, मग नावाची पाटी. चपलांच्या स्टँडवर चादर टाकली. त्याने त्या दिवशी सुट्टी घेतली होती आणि दर दहा मिनिटांनी तो विचारत होता की चहा कुणाकुणाला. सहा वर्षांची स्वानंदी शाळा बुडवून खिडकीत बसली होती. त्र्यंबककाका स्वतःची घडीची खुर्ची घेऊन आले, ते मुळात शूटिंग बघायला नव्हे तर भांडायला आले होते. पण एवढे दिवे, एवढ्या तारा आणि एवढी माणसं बघून ते बसून राहिले.

सुनेचं काम करणारी मुलगी विशीतली होती. आवाज छान, पण श्वास आखूड. घाबरलेली असावी. तालमींमध्ये बाईंनी गुडघे टेकले नाहीत, नुसती जागा दाखवली. गुडघे खऱ्या शॉटसाठी राखून ठेवायचे, हे को याला माहीत होतं.

बाईंनी आम्हाला पॅन्टच्या आत बांधलं. नाडीची गाठ तीच, आईने शिकवलेली. मी अंग चोरून, दम धरून बसले. आपलं हे शेवटचं काम, ते चोख झालं पाहिजे, एवढंच माझ्या मनात होतं.

को याने आकडे मोजले. बाई अंगणातून चालत निघाल्या. ओल्या काँक्रीटवर त्यांची पावलं पडत होती, डावं पाऊल जरा ओढत. पायऱ्यांपाशी त्या थांबल्या. दार उघडलं. सून म्हणाली, तुम्ही इथे का आलात. बाईंनी आपलं वाक्य म्हटलं, नातवाला एकदा बघू दे. सून म्हणाली, निघून जा.

ही आमची जागा होती. उजवी टाच उचलायची, भार डावीकडे. मी तयार झाले. टाच उचलली गेली, भार माझ्याकडे येऊ लागला. मी वाट पाहिली.

आणि टाच परत खाली गेली.

मी गुडघ्यावर बांधलेली, मला काही दिसेना. फक्त कळत होतं की गुडघा ताठ आहे. लटपटतही नाही. छत्तीस वर्षांत तो इतका सरळ मी कधी अनुभवला नव्हता. जमीन येईल, येईल म्हणून मी थांबले होते आणि जमीन आलीच नाही. खिडकीतून स्वानंदी हळूच म्हणाली, “आई, शी इज नॉट गोइंग डाउन.”

सुनेचं पुढचं वाक्य होतं, उठा, शेजारी बघतील. पण बाई खाली गेल्याच नव्हत्या, तर उठा कसं म्हणणार? ती मुलगी अडकली. तिचा श्वास आणखी आखूड झाला. या प्रसंगात कुणीतरी गुडघ्यांवर असतं एवढंच तिला माहीत, आणि दिग्दर्शक थांबा म्हणत नव्हता. शेवटी ती स्वतःच पायऱ्या उतरली आणि बाईंसमोर तिने गुडघे टेकले. धपकन, उघड्या गुडघ्यांनी, काँक्रीटवर. तो आवाज मी ओळखला. पहिल्या आठवड्यात सगळ्यांच्या गुडघ्यांचा तसाच होतो.

बाई वाकल्या नाहीत. त्यांनी तिला कोपराला धरलं नाही. नुसता हात पुढे गेला, बाही सरकल्याचा आवाज झाला, आणि ती मुलगी खरंच रडायला लागली. हात तिच्या डोक्यावर ठेवला होता, हे नीलांबरीने नंतर किमान पन्नास जणांना सांगितलं.

“ऊठ, बाळ,” बाई म्हणाल्या. “गुडघे झिजतात.”

मग त्या वळल्या आणि पावसातून चालत अंगणाबाहेर गेल्या. मागे दार लावल्याचा आवाज आला नाही.

को रागावला. त्याच्या जागी कुणीही रागावलं असतं. स्क्रिप्टमध्ये हे कुठे आहे, असं त्याने विचारलं. परत घेऊ, आणि या वेळी लिहिलंय तसं.

“माझे गुडघे बंद झाले,” बाई शांतपणे म्हणाल्या. “हे घे, नाहीतर दुसरी कुणी बघ.”

“ठरवून केलंत?”

“नाही रे. टेकणारच होते. पण दार उघडलं आणि ते नीलांबरीचं निघालं. या दाराशी मला रोज खुर्ची मिळते. इथे गुडघे वाकेनात.”

को चिडून गाडीत जाऊन बसला. त्याला तैपेईला फोन करायचा होता, पण तिथे पहाट झाली नव्हती. दुसरी नटी आणायला वेळ नव्हता, आणि टेप त्याच आठवड्यात पाठवायची होती. तासाभराने तो परत आला, छोट्या पडद्यावर तो शॉट त्याने तीनदा लावून बघितला, आणि कुणाशीही न बोलता पुढच्या प्रसंगाची तयारी सुरू केली. यतीनने त्याला चहा दिला. तो त्याने घेतला.

घरात येऊन बाई आपल्या खुर्चीवर बसल्या. पॅन्ट वर करून त्यांनी आमच्या नाड्या सोडल्या. बराच वेळ आम्हाला दोन्ही हातांत धरून बसल्या आणि मग ताइनानच्या आपल्या बोलीत, अगदी हळू म्हणाल्या, “आई, कळवते गं.” मला जन्म देणारी ती होती, तेव्हा मलाही भरून आलं. दोन वर्षांत कळवायचं होतं, छत्तीस लागली.

तेवढ्यात ती सुनेचं काम करणारी मुलगी लंगडत आत आली. तिचे गुडघे खरचटले होते. काकांनी लगेच ताबा घेतला, धुतले, पट्टी लावली. बाईंनी आम्हाला तिच्यापुढे धरलं. तिने हात पुढे केला, तिची बोटं मला लागलीदेखील. आणि बाईंनी आम्हाला मागे घेतलं.

“नको,” त्या म्हणाल्या. “या दिल्या तर तू तीस वर्षं टेकत बसशील. दुखू दे. दुखलं की विचारशील, टेकायलाच हवेत का म्हणून.”

आम्हाला त्यांनी नीलांबरीच्या हातात दिलं आणि सांगितलं, फेकू नकोस, पण कुणाच्या गुडघ्याला बांधूही नकोस.

तो भाग लागला तेव्हा तैवानमध्ये काय झालं ते मी फोनवरून ऐकलं. गुडघेवाली सून उभी राहिली, एवढीच चर्चा. दोन महिन्यांनी को याचा पुन्हा फोन आला. चाळीस भागांची नवी मालिका, त्यात बाई कापडाच्या मोठ्या पेढीच्या मालकीण, मुख्य काम. बाईंनी सगळं स्क्रिप्ट मागवलं आणि नीलांबरीच्या स्वयंपाकघरात बसून पानन् पान वाचलं. चाळीस भागांत एकदाच कुणीतरी गुडघे टेकत होतं. तो चोर होता आणि टेकत होता बाईंसमोर. बाईंनी पेन घेऊन तेही खोडलं आणि मग सही केली. दोन हजार आठच्या वसंतात त्या तैपेईला गेल्या. बॅगेत डिंकाचे लाडू होते, आम्ही नव्हतो.

माझं म्हणाल तर मी आता नीलांबरीच्या गॅरेजमध्ये असते. मंडळाचा मोठा गणपती तिच्याकडेच असतो. इथे विसर्जन छोट्या मातीच्या मूर्तीचं होतं, मोठी मूर्ती खोक्यात घालून वर्षभर जपतात. त्या खोक्यात देवाच्या सोंडेला धक्का लागू नये म्हणून एका बाजूला मी आणि दुसऱ्या बाजूला उजवी. या सप्टेंबरात आम्हाला बढती मिळाली. हॉलमधला देवाचा चौरंग डुगडुगत होता, म्हणून नीलांबरीने मला घडी घालून त्याच्या डाव्या पायाखाली सरकवलं. म्हणजे बघा, जन्मभर मी टेकणाऱ्यांच्या बाजूला होते आणि आता नमस्कार येतात ते माझ्या दिशेने. उजवी खोक्यातच राहिली, तिला हे सांगितलं तर खरं वाटत नाही.

परवा आरती झाली आणि लोक नमस्काराला रांगेने येऊ लागले. मी उघड्यावर होते तरी सवयीने कानांनीच बघत होते. एक जोडी पावलं पुढे आली, थांबली, आणि मग गुडघ्याचा कटकट आवाज झाला. कोरडा, जुना आवाज. त्र्यंबककाका. दुनियेचे गुडघे तपासणारा हा माणूस स्वतःच्या गुडघ्यांना घेऊन खाली बसायला निघाला होता. मला ओरडावंसं वाटलं, पण गादीला कोण विचारतं?

तेवढ्यात शेजारून स्वानंदीचा आवाज आला. आमच्या बाईंना ती मेआजी म्हणते.

“आजोबा, यू कॅन डू इट स्टँडिंग. मेआजी तसंच करते.”

काका थांबले. मग ते हसले, गुडघा हळूहळू सरळ झाल्याचा आवाज आला, आणि त्यांनी उभ्यानेच हात जोडले. त्यांच्या मागे रांगेत उभ्या असलेल्या दोन आज्यांनीही तसंच केलं. देवाने काही मनाला लावून घेतल्याचं मला तरी जाणवलं नाही, आणि मी त्याच्या अगदी पायाशी आहे.

चला, चौरंगाचा भार माझ्यावर आहे, मला फार बोलता येणार नाही. एकच मागते. तुमच्या घरी कुणी वर्षानुवर्षं खाली बसत असेल, पुसायला, विनवायला, माफी मागायला, तर त्यांना माझ्यासारखी गादी शिवून देऊ नका. एक खुर्ची ओढून आणा.